जुनी सिंहली चित्रपटगीतं (१९४७–१९७२): उसनी चाल ओळखायची कशी, आणि तबकडी व चित्रपट जुळत का नाहीत?

तारसप्तक

नमस्कार मंडळी. १९४७ ते १९७२ या काळातल्या सिंहली चित्रपटगीतांची वर्षवार यादी करतो आहे. साहित्य दोन प्रकारचं आहे: काही ७८ आणि ४५ गतीच्या (मिनिटाला तितके फेरे) तबकड्या, आणि श्रीलंकेच्या टीव्हीवर लागलेल्या जुन्या चित्रपटांच्या व्हिडिओतून काढलेला आवाज. चार ठिकाणी गाडं अडलंय.

१. 'पहिला सिंहली चित्रपट श्रीलंकेत १९४७ साली तयार झाला. १९५६पर्यंत सगळ्या चाली हिंदीवरून उचललेल्या आणि त्यानंतर सगळ्या स्वतंत्र' असं जिथं तिथं वाचायला मिळतं. पण सुरुवातीची बरीच गाणी ऐकताना हिंदी चित्रपट आठवतच नाही, नाट्यपदं आठवतात. हे कसं?
२. एकच गाणं तबकडीवर आणि व्हिडिओत वेगवेगळ्या पट्टीत येतं. फरक अर्ध्या स्वराच्या आसपासचा. शिवाय तबकडीवर एक कडवं गायब.
३. नावांची स्पेलिंग प्रत्येक यादीत वेगळी. एकाच चित्रपटाच्या तीन नोंदी झाल्यात.
४. ७८च्या तबकड्यांवर बुरशीचे डाग आहेत. स्क्रीन पुसायचा स्प्रे चालेल का?

---

झिंजोटी

चौथ्याचं उत्तर आधी: स्प्रे मुळीच वापरू नका. त्यातल्या बऱ्याच द्रावणांत अल्कोहोल असतं. कारण इथलं कोणीतरी सांगेलच, मी पहिल्या मुद्द्यावर येतो.

कानाला नाट्यपदं ऐकू आली ते बरोबर आहे. आपल्यासारखीच तिथंही बोलपटाच्या आधी गाती रंगभूमी होती, आणि दोघींचं पाणी बऱ्याच अंशी एकाच विहिरीचं. १९व्या शतकाच्या अखेरच्या पावशतकात मुंबईच्या पारशी नाटक कंपन्या कोलंबोला जाऊ लागल्या. त्यांच्या धर्तीवर सिंहलीत 'नूर्ति' हा नाट्यप्रकार उभा राहिला. नाटककार जॉन द सिल्वा यांनी आपल्या नाटकांसाठी भारतातून विश्वनाथ लावजी या संगीतकाराला बोलावून घेतलं. १९०३च्या 'सिरिसंगबो' नाटकातलं लावजींच्या चालीचं 'दन्नो बुदुंगे' हे पद श्रीलंकेत आजही गायलं जातं. लावजींना सिंहली येत नव्हतं. ते रागातली चाल बांधायचे आणि द सिल्वा तीवर शब्द बसवायचे. म्हणजे तयार चालीवर शब्द चढवणं हा चित्रपटाने लावलेला रोग नाही, ती रंगभूमीची रीत होती. ६ डिसेंबर १९११ला कोलंबोच्या मरदाना भागात टॉवर हॉल उघडलं आणि नूर्तीला पक्कं घर मिळालं.

आता 'श्रीलंकेत तयार झाला' हे वाक्य यादीतून काढून टाका. पहिला सिंहली बोलपट 'कडवुनु पोरोंदुव' (मोडलेलं वचन) २१ जानेवारी १९४७ला कोलंबोत प्रदर्शित झाला खरा, पण तो तयार झाला मदुराईत, एस. एम. नायगम यांच्या चित्रकला मूव्हिटोनमध्ये. निर्माता तमिळ, दिग्दर्शक ज्योतिष सिन्हा बंगाली, नाटक बी. ए. डब्ल्यू. जयमान्न यांचं आणि कलाकार त्यांच्या मिनर्व्हा नाटक मंडळीचे. नायिका रुक्मणी देवी पडद्यावर दिसायची तीच गायची, आणि तिचा आवाज रंगमंचावर घडलेला होता. ते नाट्यपद वाटतं ते यामुळे. (त्याआधी १९२५ साली 'राजकीय विक्रमय' नावाचा मूकपट झाला होता. त्याची प्रत आगीत गेली. संगीताच्या यादीला त्याचा उपयोग नाही, पण 'पहिला चित्रपट' आणि 'पहिला बोलपट' यांची गल्लत करू नका.)

त्याच वर्षी 'अशोकमाला' कोइमतूरच्या सेंट्रल स्टुडिओत झाला. संगीत मोहम्मद गौस मास्तरांचं. वादकांत डब्ल्यू. डी. अल्बर्ट परेरा नावाचा तरुण व्हायोलिनवादक होता, तोच पुढे डब्ल्यू. डी. अमरदेव. गायकांत मोहिदीन बेग, मूळचे सेलमचे.

हिंदी चाली घुसल्या त्या मुख्यतः यानंतर, आणि त्याचं कारण व्यवहाराचं आहे. चित्रीकरण मद्रास-कोइमतूरकडे, वाद्यवृंद तिथला पगारी, गायिका पुष्कळदा तिथल्याच. सिंहली येणारा माणूस स्टुडिओत फार तर गीतकार. नवी चाल बांधायची, ती वादकांना शिकवायची, तालमी घ्यायच्या, आणि स्टुडिओचं भाडं तर दिवसावर चालू! वादकांना आधीच पाठ असलेली चाल घेतली की एका दिवसात तीन गाणी उरकतात. पुढे तर कथाही तशाच आल्या. १९५३चा 'सुजाता' हा के. गुणरत्नम यांच्या सिनेमाज लिमिटेडचा गाजलेला चित्रपट, त्याची कथा १९४९च्या हिंदी 'बडी बहन'वरून घेतलेली. १९५५च्या 'सॅड सुळं'मध्ये लता मंगेशकर सिंहलीत देशभक्तिपर गीत गायल्या आहेत. संगीत सुसर्ला दक्षिणामूर्तींचं, म्हणजे तेही मद्रासकडचेच.

एक सावधगिरी: मूळ शोधताना फक्त हिंदी धुंडाळू नका. वाद्यवृंद मद्रासचा असेल तर मूळ चाल तमिळ किंवा तेलुगू चित्रपटातली असण्याची शक्यता तितकीच.

---

अर्धमात्रा

झिंजोटींशी बव्हंशी सहमत. मात्र १९५६च्या रेषेबद्दल थोडं वेगळं मत आहे.

दिग्दर्शक लेस्टर जेम्स पीरिस यांचा 'रेखाव' २८ डिसेंबर १९५६ला आला. त्याची गाणी खरोखर वेगळी आहेत. चाली सुनील शांत यांच्या, वाद्यवृंद बी. एस. परेरांचा, गीतं कॅथलिक धर्मगुरू मार्सेलिन जयकोडी यांची. पण हे वेगळेपण चित्रपटाच्या आत जन्मलेलं नाही, ते रेडिओवरून आलं. सुनील शांत शांतिनिकेतनात आणि लखनौच्या भातखंडे विद्यापीठात शिकले. परत गेल्यावर मात्र त्यांनी रागाचा विस्तार, ताना, हरकती मुद्दाम टाळून सिंहली उच्चाराला धरून सरळ चाली बांधल्या. १९५२ साली रेडिओ सिलोनने कलाकारांची श्रेणी ठरवायला श्रीकृष्ण नारायण रातंजनकरांना बोलावलं, हो, आपलेच अण्णासाहेब. सुनील शांतांनी परीक्षा द्यायला साफ नकार दिला आणि रेडिओ सुटला. चार वर्षांनी 'रेखाव'ने त्यांनाच बोलावलं.

यावरून 'हिंदुस्थानी विरुद्ध देशी' अशी सोपी मांडणी करायचा मोह होतो. तो आवरा. अमरदेव त्याच भातखंडे विद्यापीठात विष्णू गोविंद जोगांकडे व्हायोलिन शिकले. रागाचा पाया न सोडता त्यावर त्यांनी सिंहली लोकगीतांचा साज चढवला. दोघांची शाळा एक, वाटा दोन. १९६२च्या 'रन्मुतु दूव'चं संगीत अमरदेवांचं. हा पहिला रंगीत सिंहली चित्रपट, समुद्राखालच्या चित्रणासाठी प्रसिद्ध. पुढच्याच वर्षीच्या 'गम्पेरळिय'लाही संगीत अमरदेवांचंच, पण त्यात एकही गाणं नाही! गाण्यांच्या यादीत तो येणार नाही, तरी संगीताच्या इतिहासात तो गाळून कसं चालेल? याच चित्रपटाला १९६५मध्ये दिल्लीच्या महोत्सवात सुवर्णमयूर मिळाला.

आणि नक्कल १९५६ला थांबली नाही. 'रेखाव' कान महोत्सवात गेला, पण तिकीटबारीवर पडला. धंदेवाईक चित्रपटांनी त्यातून नेमका उलटा धडा घेतला. गायक एच. आर. जोतिपाल यांचा सगळा बहराचा काळ त्यानंतरचा, आणि त्यांच्या गाण्यांत हिंदी चाली कितीतरी. तेव्हा यादीत वर्षावरून 'स्वतंत्र' किंवा 'उसनी' असा शिक्का मारू नका. संगीतकार पाहा, आणि ध्वनिमुद्रण कुठं झालं ते पाहा. संगीतकार आर. मुत्तुसामी मूळचे दक्षिण भारतातले, पण श्रीलंकेत राहून काम केलेले. त्यांचं १९६१च्या 'कुरुलुबॅद्द'चं संगीत ऐकलंत तर 'मद्रासकडचा म्हणजे नक्कलच' हा समजही गळून पडेल. संगीतकार खेमदास आणखी तिसऱ्याच वाटेने गेले, पाश्चात्त्य स्वरमेळ आणि मोठा वाद्यवृंद घेऊन. १९६८चा 'गोळु हदवत' लागोपाठ दोनदा ऐका: एकदा गायन ऐकायचं, दुसऱ्यांदा फक्त पार्श्वसंगीत.

उसनी चाल ओळखायची माझ्या मते सर्वांत भरवशाची खूण शब्दांत आहे. सिंहलीत ऱ्हस्व-दीर्घाने अर्थ बदलतो. 'मल' म्हणजे फूल, 'माल' म्हणजे माळा. चाल शब्दांसाठी बांधलेली असेल तर दीर्घ स्वर लांब सुरावर पडतो. चाल बाहेरून आलेली असेल तर ऱ्हस्व अक्षर विनाकारण ताणलं जातं आणि फुलाची माळ होते. सिंहली येत नसलं तरी हे तपासता येतं. गीताचे शब्द सिंहली लिपीत मिळवा, दीर्घ अक्षरांखाली रेघ मारा आणि गाणं लावा. एका कडव्यात दोन-तीन जागी शब्द आणि सूर भांडताना दिसले तर संशय घ्या. एखाद्याच जागी असेल तर सोडून द्या, तेवढी सूट प्रत्येक संगीतकार घेतो.

दुसरी खूण मधल्या संगीताची. उसन्या गाण्यात मुखडा हुबेहूब असतो, पण दोन कडव्यांमधले तुकडे पुष्कळदा आखडलेले किंवा भलतीकडचेच असतात.

---

रीळ नंबर सात

तुमचा दुसरा मुद्दा. पट्टीतला फरक गायकाचा नाही, टीव्हीचा आहे.

चित्रपट सेकंदाला २४ चौकटींनी चालतो. श्रीलंकेचा टीव्ही पाल पद्धतीचा, सेकंदाला २५ चौकटी. जुन्या काळी चित्रपट टीव्हीसाठी उतरवताना तो सरळ २५ने पळवत. वेग सुमारे ४.२ टक्के वाढतो आणि सूर ७० सेंट चढतो. १०० सेंट म्हणजे अर्धा स्वर, तेव्हा 'अर्ध्या स्वराच्या आसपास' हे तुमच्या कानाने अचूक पकडलं. ३ मिनिटं २० सेकंदांचं गाणं ३ मिनिटं १२ सेकंदांत संपतं.

दुरुस्ती: आवाजाच्या फाइलचा वेग ९६ टक्के करा. सॉफ्टवेअरमध्ये सहसा दोन पर्याय असतात, एकात वेगाबरोबर सूरही बदलतो, दुसऱ्यात सूर तसाच ठेवून फक्त कालावधी ताणला जातो. तुम्हाला पहिला हवा. दुसरा निवडलात तर सूर चढलेलाच राहील आणि वर आवाज लाटा आल्यासारखा डळमळेल.

मात्र बदल करण्यापूर्वी खात्री करून घ्या, कारण सगळेच व्हिडिओ पळवलेले नसतात. गाण्याआधीच्या शांत जागेचा वर्णपट (कोणत्या कंपनाला किती आवाज आहे ते दाखवणारा आलेख) काढा. तिथं विजेची घरघर असते, आणि भारत-श्रीलंकेत वीज ५० हर्ट्झची. मूळ ध्वनिमुद्रणातली घरघर ५२ हर्ट्झच्या किंचित वर दिसली तर चित्रपट पळवलेला आहे. ५०वरच दिसली तर घाई करू नका. ती व्हिडिओ उतरवतानाच्या यंत्रणेची असू शकते. कधीकधी दोन्ही रेघा शेजारी दिसतात, तेव्हा ५२ची खरी माना.

तबकडीही तपासावी लागेल. ७८च्या गतीत १ फेरा इकडेतिकडे झाला की सूर २२ सेंट सरकतो. ५० हर्ट्झच्या विजेसाठी ७७ रेघांची स्ट्रोब चकती (दिव्याच्या लुकलुकीत गती तपासायची चकती) वापरा. रेघा स्थिर दिसल्या की गती ७७.९२. ती चकती एलईडीच्या उजेडात बघू नका. बरेच एलईडी लुकलुकत नाहीत, त्यामुळे रेघा नुसत्या पुसट दिसतात आणि माणूस यंत्राला दोष देत बसतो. जुना तंतूचा बल्ब किंवा निऑनचा छोटा दिवा घ्या.

गायब कडव्याचं कारण साधं: १० इंची ७८च्या तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम ३ ते सव्वातीन मिनिटं मावतात. गाणं त्यात कोंबायचं तर कडवं किंवा मधलं संगीत कापावं लागे. अनेकदा तबकडीसाठी गाणं वेगळं ध्वनिमुद्रित करत. म्हणून यादीत 'तबकडी' आणि 'चित्रपट' असे दोन स्वतंत्र रकाने ठेवा. एकाच गाण्याच्या एका नोंदीत दोन्ही भरलेत तर पुढे गोंधळ अटळ.

उलटंही घडतं. चित्रपटातलं गाणं मध्येच उडी मारतं. ३५ मिलिमीटरच्या फितीवर ध्वनी त्याच्या चित्राच्या २० चौकटी पुढे छापलेला असतो, म्हणून तुटून जोडलेल्या जागी आधी चित्र उडी मारतं आणि सुमारे ०.८३ सेकंदाने आवाज. या क्रमाने दोन धक्के आले तर ती प्रतीची झीज समजा. फक्त आवाजात धक्का असेल तर तो मूळ संकलनातला असू शकतो. १,००० फुटांचं रीळ ११ मिनिटांचं, त्यामुळे प्रत्येक रिळाच्या सुरुवातीला-शेवटाला आलेलं गाणं सर्वांत जास्त कुरतडलेलं.

मूळ निगेटिव्हवरून नवी प्रत मिळेल ही आशा बऱ्याच चित्रपटांबाबत सोडा. जुलै १९८३च्या तमिळविरोधी दंगलीत गुणरत्नम यांचा हेंदलचा विजया स्टुडिओ जाळला गेला आणि त्यात कित्येक निगेटिव्ह गेल्या. अशा चित्रपटांचं संगीत तबकडीवरच उरलेलं असू शकतं.

---

ऱ्हस्वदीर्घ

तिसरा मुद्दा. रोमन लिपीतून मराठीत येऊच नका, सिंहली लिपीतून या. दोन्ही लिप्यांची वर्णमाला एकाच घरची, जवळजवळ अक्षराला अक्षर लागतं. उलट रोमनमधून आलात की हमखास पडाल.

रोमनमध्ये 'टी'ला 'एच' जोडलेला दिसला की मराठी माणूस 'थ' वाचतो. तिथं तो 'त' असतो, दाक्षिणात्य पद्धतीने. म्हणून 'रन्मुथु' नाही, 'रन्मुतु'. 'हदवथ' नाही, 'हदवत'. सिंहलीत 'ळ' लिपीत आहे, रोमनमध्ये तो 'ल' होऊन हरवतो: गम्पेरळिय, गोळु, सुळं. 'बॅट'मधला 'ॲ' सिंहलीत स्वतंत्र स्वर आहे, आणि याद्या त्याला कधी 'ए' करतात, कधी 'आ'. तुमची ती तिहेरी नोंद 'सॅड सुळं'चीच असणार! शेवटचं अनुस्वारयुक्त अक्षर रोमनमध्ये 'एनजी' लिहितात, म्हणून कुणी त्याला 'सुलंग'ही करतो.

संस्कृत शब्दांना सिंहलीत 'य' किंवा 'व' लागतो. 'निधानय' म्हणजे निधान, 'संदेशय' म्हणजे संदेश, 'रेखाव' म्हणजे रेखा (इथं हातावरची, नशिबाची). तो 'य' किंवा 'व' काढला की अर्थ आपोआप उलगडतो. महाप्राण लिहिला जातो पण बोलताना गळतो. 'खेमदास' ऐकू येतं 'केमदास', लिहायचं मात्र 'ख'नेच.

माणसांची नावंही बदललेली आहेत, तिथं एकत्र नोंद ठेवा. अल्बर्ट परेरा आणि अमरदेव एकच. सुनील शांत यांचं मूळ नाव डॉन जोसेफ जॉन. रुक्मणी देवी जन्माने डेझी रसम्मा डॅनियल्स.

आणि वर्षाला दोन रकाने करा, निर्मिती आणि प्रदर्शन. 'निधानय' काही याद्यांत १९७० आहे, काहींत १९७२. 'रेखाव' वर्षाच्या शेवटच्या आठवड्यातला असल्याने कुठेकुठे १९५७ दिसतो. उसन्या चालीचा माग काढताना असा एक-दोन वर्षांचा फरक भलत्याच निष्कर्षाला नेतो.

---

लाख आणि सुई

७८च्या बहुतेक तबकड्या लाखेच्या, आणि लाख अल्कोहोलमध्ये विरघळते. फर्निचरचं पॉलिश तसंच तर करतात. स्प्रे मारलात की खोबणीचा काठ मऊ होतो, आणि पहिल्या फेरीत सुई तो खरवडून नेते. तबकडी कायमची फुसफुसत राहते.

धुण्यासाठी ऊर्ध्वपातित पाणी, कोमट नको, साधं. अर्ध्या लिटरमध्ये सुगंध नसलेल्या सौम्य द्रव साबणाचे दोन-तीन थेंब. मऊ ब्रश खोबणीच्या दिशेनेच गोल फिरवायचा, आडवा कधीच नाही. मधलं लेबल कोरडं ठेवा. ध्वनिमुद्रणाचा क्रमांक तिथं किंवा शेजारच्या गुळगुळीत पट्टीत असतो, आणि तोच तुमच्या यादीचा खरा पुरावा. नंतर साध्या ऊर्ध्वपातित पाण्याने विसळून लगेच टिपून घ्या. लाखेत दगडाची भुकटी मिसळलेली असते. बारीक तडा असेल तर पाणी आत शिरून ती फुगते, म्हणून भिजत घालणं बंद. उन्हात वाळवणंही बंद, तबकडी वाकडी होते.

४५ गतीच्या विनाइलच्या असतील तर त्यांना अल्कोहोलची तितकी भीती नाही, तरी याच पाण्यात धुवा, वेगळी बाटली कशाला. फक्त ब्रश वेगळा ठेवा, लाखेची भुकटी विनाइलला ओरखडे पाडते.

सुई बदलल्याशिवाय ७८ वाजवू नका. एलपीची सुई ०.७ ते १ मिल (मिल म्हणजे इंचाचा हजारावा भाग), ७८ची सुमारे ३ मिल. बारीक सुई खोबणीच्या तळाशी घासते आणि तिथं नुसता कचरा असतो. काडतूस (सुई बसवलेला भाग) स्टिरिओ असेल तर दोन्ही वाहिन्या एकत्र करून मोनो करा. या तबकड्यांत आवाज आडव्या हालचालीत आहे. उभी हालचाल म्हणजे नुसता गोंगाट, तो बराचसा आपोआप कटतो.

---

तारसप्तक

सगळ्यांचे आभार. दोन गोष्टी लगेच तपासल्या. तीन व्हिडिओंपैकी दोनांत घरघर ५२च्या वर दिसली, तिसऱ्यात ५०वर. आणि तिहेरी नोंद 'सॅड सुळं'चीच होती. एक शंका उरली: प्लेअरला ७८ची गतीच नाही, फक्त ३३ आणि ४५. ४५वर वाजवून नंतर वेग वाढवला तर चालेल?

---

लाख आणि सुई

चालेल. गुणक ७८ भागिले ४५, म्हणजे १.७३३. पण एक खोच आहे. प्रीअँप (तबकडीचा क्षीण आवाज वाढवणारं यंत्र) एलपीच्या हिशेबाने खर्ज उचलतो आणि तार दाबतो. हे ४५च्या गतीवर झालं आणि मग फाइल पळवली की ती सुधारणा चुकीच्या कंपनांवर जाऊन बसते, आवाज घोगरा किंवा टिनपाट येतो. शक्य असेल तर सुधारणा न करणारा, सपाट प्रीअँप वापरा. नसेल तर क्रम असा ठेवा: आधी सॉफ्टवेअरमध्ये एलपीची सुधारणा उलटवा, मग वेग वाढवा, आणि शेवटी ७८साठीची सुधारणा लावा. खर्जाचा वळणबिंदू (ज्याच्या खाली खर्ज उचलायचा तो बिंदू) २५० ते ३०० हर्ट्झच्या दरम्यान धरून सुरुवात करा आणि गायिकेचा आवाज नैसर्गिक वाटेपर्यंत सरकवा. तारेला १९४०च्या तबकड्यांत सहसा काही दाबावं लागत नाही. मुद्रण ९६ किलोहर्ट्झ, २४ बिटचं ठेवा. ओरखड्यांची टिकटिक काढायला तेवढी जागा लागते, आणि ती काढायची वेग वाढवण्याच्या आधी.

---

रीळ नंबर सात

तिसऱ्या व्हिडिओला अजून हात लावू नका. त्यातल्या एखाद्या गाण्याची तबकडी असेल तर आधी स्ट्रोबवर तिची गती पक्की करा आणि मग दोन्हींचा षड्ज ताडून पाहा. व्हिडिओतला ७० सेंटच्या आसपास चढा निघाला तर ५०ची घरघर नंतर शिरलेली समजा आणि ९६ टक्के लावा. दोन्ही जुळले तर फाइल आहे तशीच ठेवा. फरक ३०-४० सेंटचा आला तर तबकडीची गती पुन्हा मोजा.